खटका एकट्यावर

लिफ्ट वीतभर खाली खचली, एवढंच झालं. पाचव्या मजल्यावर अण्णा आणि तो आत शिरले होते, अण्णांनी नादुरुस्त टेबलफॅन दोन्ही हातांनी पोटाशी कवटाळला होता, आणि जाळीचं दार ओढून घ्यायला त्याने हात पुढे केला तोच पायाखालची फळी एकदम गेली आणि दणका देऊन थांबली. त्यानंतरचं त्याला आठवत नाही. म्हणजे आठवायला मधे काही उरलंच नव्हतं. लिफ्टच्या आत उभं असणं आणि जिन्यासमोरच्या फरशीवर गुडघे टेकून असणं, या दोन गोष्टी एकमेकींना चिकटून आल्या. मागे बाहेरचं दार आपल्या स्प्रिंगने धाडकन लागलं, आत कुठेतरी खरखराट झाला आणि लिफ्ट आणखी खाली सरकून थांबली. त्याने उठून दाराची मूठ खेचली. दार जागचं हललं नाही. दाराला काचेची उभी पट्टी होती. तिच्यातून जिथे अण्णांचा चेहरा दिसायला हवा होता तिथे लिफ्टच्या छताची कड होती, धुळीने माखलेली, आणि तिच्यावर कुणीतरी कधीकाळी टाकलेलं बिस्किटांचं वेष्टन. गुडघ्यांवर बसून काचेच्या अगदी तळाशी डोळा लावला तेव्हा खाली, पिवळ्या दिव्यात, अण्णांच्या टकलाचा गोल भाग दिसला. नुसता वरून दिसणारा गोल.

"अण्णा!"

"आहे, आहे," आतून आवाज आला. "ओरडू नकोस. अख्खी बिल्डिंग गोळा होईल फुकटचा खेळ बघायला."

"लागलं का कुठे?"

"मला काय धाड भरलीय? तुझी पाठ बघ आधी. आपटलास ना?"

पाठ. घरात हल्ली सगळ्या गोष्टी पाठीपासून सुरू होत आणि पाठीपाशी संपत. डॉक्टरांनी बजावलं होतं की भरलेली बादलीसुद्धा उचलायची नाही, म्हणून सत्तरी ओलांडलेला बाप पंखा उचलत होता आणि तिशीतला मुलगा मोकळ्या हातांनी मागेमागे फिरत होता. विमानातून सीटसकट बाहेर फेकला गेलेला माणूस वाचतो, पण फुकटात वाचत नाही. सीटखालचं रॉकेट पेटतं तेव्हा एका क्षणापुरतं माणसाचं वजन वीस माणसांइतकं होतं, आणि ती वीस माणसं त्याच्याच मणक्यांवर बसतात. डोकं मागे टेकलेलं नसेल तर मान जाते, कोपर बाहेर राहिलं तर हात जातो, गुडघा आडवा आला तर पायाचं काही खरं नाही. त्याचे दोन मणके दबले होते. उंची पाऊण इंचाने कमी झाली होती. बाथरूममधला आरसा जिथल्या तिथे होता, पण आता त्यात केसांवर एक भिंतीची पट्टी जास्त दिसायची, आणि दाढी करताना रोज सकाळी तो त्या पट्टीकडे बघायचा. अण्णांच्या ते लक्षात आलं तेव्हा त्यांनी आरसा खिळ्यावरून उतरवून थोडा खाली ठोकला होता. त्याला तेव्हा बापाचा राग आला होता आणि रडूही आलं होतं.

"वॉचमनला फोन कर," अण्णा म्हणाले, "नाहीतर असं कर ना, जिन्याने उतर. तू हो पुढे, मी आलोच." आणि आपल्याच विनोदावर ते खुदकन हसले. अडकलेला माणूस म्हणतोय, मी आलोच.

तो हसला नाही. फोन हातात होता, वॉचमनचा नंबर पुढ्यात होता, आणि बोट काही खाली येईना. जगातला प्रत्येक मराठी माणूस दिवसातून चारदा हे वाक्य बोलतो. चपला घालताना, दुकानाच्या पायरीवर, कुणाकडच्या कार्याला निघताना. त्यात काही नाही. वाक्य म्हणून ते इतकं गरीब आहे की कुणाच्या वाटेत येत नाही. त्याने नंबर दाबला. वॉचमन म्हणाला, लिफ्टवाल्याला कळवतो, पण तो दुसऱ्या बिल्डिंगमध्ये अडकलाय, तुम्ही खाली येता का बोलायला? नाही, तो म्हणाला. मी इथून हलणार नाही. हे त्याने इतक्या जोरात सांगितलं की वॉचमनने लगेच फोन ठेवला.

तो दाराला पाठ टेकून फरशीवर बसला. बसताना पाठ ताठ झाली, हनुवटी आत गेली, दोन्ही कोपरं बरगड्यांना लागली. सवय. न्हाव्याच्या खुर्चीत, दातांच्या डॉक्टरकडे, बसमध्ये, कुठेही बसला की शरीर आपलं आपण तयार होऊन बसे आणि हात मांड्यांच्या मधे काहीतरी शोधत. आणि डोळे समोर, पुढे बसलेल्या माणसाच्या डोक्यावर. थिएटरात सिनेमा चाललेला असायचा आणि हा पुढच्या रांगेतल्या कुणा अनोळखी इसमाचं डोकं न्याहाळत बसलेला असायचा. तो इसम मध्येच उठला की याच्या तळहाताला घाम फुटायचा. मागच्या सीटवरून माणसाला हेच दिसतं. मामाबरोबर त्याने इतकी वर्षं उड्डाणं केली, पण हवेत त्याला मामाचा चेहरा कधी दिसला नाही. दिसायचा तो पुढच्या सीटच्या वर आलेला हेल्मेटचा गोल, आणि कधीतरी छोट्या आरशात दोन डोळे, तेही काळ्या काचेमागे.

मामा म्हणजे त्याचा पायलट. कुणाचा सख्खा मामा नव्हता, पण सगळ्या स्क्वाड्रनचा होता. पुढे लग्न झालं तेव्हा त्याची बायको न विचारताच सगळ्यांची मामी झाली. याला कंडक्टर हे नाव मात्र घरातूनच मिळालं होतं. अण्णांनी जन्मभर शहराची बस चालवली. मुलगा लढाऊ विमानात गेला म्हणून त्यांनी अख्ख्या डेपोला पेढे वाटायची तयारी केली, आणि मग कळलं की तो मागे बसतो, नकाशे आणि रडार बघतो, चालवणारा दुसराच. "म्हणजे आमची सात पिढ्यांची ड्रायव्हरकी बुडवून तू कंडक्टर झालास," अण्णा म्हणाले होते. सात पिढ्या कसल्या, आजोबा सुतार होते. पण मामा एकदा घरी जेवायला आला, त्याच्यासमोर अण्णांनी हे सांगितलं, आणि दुसऱ्या दिवसापासून सगळ्या स्क्वाड्रनमध्ये तो कंडक्टर. मामा आणि अण्णा त्या दिवशी पहिल्याच भेटीत असे रंगले की जणू एकाच डेपोतले. "गाडी ड्रायव्हरने शेवटी सोडायची," अण्णा म्हणाले होते. "अगदी बरोबर," मामा म्हणाला होता आणि पानातलं सगळं संपवून त्याने आणखी वाढून घेतलं होतं.

"कंडक्टर," लिफ्टमधून अण्णांनी हाक मारली. "आहेस ना रे?"

"आहे. खाली बसा ना तुम्ही, दमाल."

"खाली बसलो की उठवायला क्रेन लागते. उभा बरा आहे."

मागच्या सीटच्या डाव्या हाताला एक खटका असतो. तो एका बाजूला फिरवला की मागच्याने मांड्यांमधलं हँडल ओढल्यावर दोघंही बाहेर पडतात, आधी मागचा, डोळ्याचं पातं लवायच्या आत पुढचा. मागचा आधी, कारण पुढच्या रॉकेटची आग त्याच्या तोंडावर येऊ नये. खटका दुसऱ्या बाजूला फिरवला की मागच्याने ओढलं तर मागचा एकटा जातो, पुढच्याने आपलं आपण ओढायचं. पुस्तकात दोन्ही चालतं. पण पायलट लोकांचा म्हणून एक रिवाज असतो, आणि रिवाजापुढे पुस्तकाचं काही चालत नाही. कुठल्यातरी स्क्वाड्रनमध्ये, कुठल्यातरी काळी, मागे बसलेल्या कुणा घाबरटाने उगाच हँडल ओढलं आणि चांगल्या चालत्या विमानातून पायलटला बाहेर फेकलं, अशी एक गोष्ट प्रत्येक पायलटला पाठ असते. खरी की खोटी, कुणी विचारत नाही. म्हणून मुरलेले पायलट मागच्याला सांगतात, खटका तुझ्यापुरता ठेव. पहिल्या दिवशी विमानाच्या शिडीपाशी मामाने त्याच्या खांद्यावर हात टाकला होता. "हे बघ कंडक्टर, तू तुझं तिकीट काढ. माझं मी काढीन." यात अपमान नव्हता. उलट आपल्याला जवळचं मानलं, अशीच त्याची समजूत झाली. मग दर उड्डाणाआधी, पट्टे आवळून झाले की तो म्हणायचा, "खटका एकट्यावर." आणि कानात मामाचा आवाज यायचा, "बरोबर." इतक्या वेळा म्हटलं की त्याला अर्थच राहिला नाही. शाळेतल्या हजेरीसारखं झालं ते.

त्या दिवशीही म्हटलं होतं. मामा म्हणाला होता, बरोबर.

पक्षी होते. खालून, तलावावरून उठलेला थवा, आणि विमान इतकं खाली होतं की पक्ष्यांचीच ती हवा होती. पुढे काहीतरी फुटल्यासारखा आवाज झाला, मग इंजिनाने असा आवाज काढला की जणू कुणी त्यात मूठभर खिळे टाकलेत. लाल दिवे. घंटी. विमान डावीकडे कलायला लागलं, मग सरळ झालं, पुन्हा कलायला लागलं. अशा वेळी बाहेर पडायला सांगणारा एक ठरलेला शब्द असतो, तीनदा म्हणायचा. तो मामाने म्हटलाच नाही. मामाचा आवाज कानात आला तो अगदी शांत, किराणा दुकानाच्या पायरीवर उभं राहून बोलावं तसा. "तू हो पुढे, मी आलोच." त्याने डोकं मागे टेकलं, कोपरं आत घेतली आणि दोन्ही हातांनी ओढलं. त्यानंतर जे झालं त्याला आवाज नव्हता, की इतका होता की कानांनी तो घेतलाच नाही. हवा भिंतीसारखी अंगावर आली. आपले पाय आपल्यापासून वेगळे होऊन दूर कुठेतरी फडफडताहेत असं त्याला वाटलं. मग पॅराशूटचा हिसका, आणि आपण झाडाला टांगलेल्या पिशवीसारखे लोंबतोय. दूर धूर. त्याने मान वळवून आकाश पाहिलं. रिकामं होतं. शेतात पडल्यावरसुद्धा तो उताणा होऊन आकाशच बघत राहिला. काम टाकून धावत आलेली एक बाई त्याच्याजवळ उभी राहिली, त्याच्या नजरेच्या रोखाने तिनेही वर पाहिलं, डोळ्यांवर हात धरून. "अजून कोणी यायचंय का?" तिने विचारलं. तो म्हणाला, "हो. येतोय."

ती बाई बिचारी त्याच्याबरोबर वाट बघत बसली. हे त्याने कुणाला सांगितलं नव्हतं.

मामाची सीटही बाहेर पडली होती, हे चौकशीत कळलं. पण हात विमान वळवायच्या काठीवरून हँडलवर जाईपर्यंत विमान पुन्हा कुशीवर वळलं होतं, आणि कुशीवरच्या विमानातून सीट वर जात नाही, आडवी जाते. पॅराशूट उघडायला जागाच नव्हती. चौकशीतले सगळे भले लोक होते. ते म्हणाले, तुझा काही दोष नाही, खटका त्याच्याच म्हणण्याने तसा होता. ते म्हणाले, तुला सरळ बाहेर पडता यावं म्हणून त्याने विमान धरून ठेवलं, पायलट असाच असतो. पाठीवर हात फिरवल्यासारखं हे वाक्य ते पुनःपुन्हा म्हणत. फक्त एक म्हातारा तंत्रज्ञ अधिकारी नकाशावर बोट ठेवून म्हणाला, "तेवढ्या वेळात दोघांवर असता तर," आणि एकदम थांबून त्याने पाण्याचा ग्लास उचलला. त्या न संपलेल्या वाक्यात हा राहायला गेला होता. विमान सरळ असलेला तो एक क्षण होता. त्या क्षणात दोन माणसांची जागा होती. हाताला बोटभर अंतरावर असलेला खटका. मामा चिडला असता. जमिनीवर येऊन चार शिव्या घातल्या असत्या, दोन दिवस बोलला नसता.

मामी दवाखान्यात भेटायला आली तेव्हा तिने एकच विचारलं, शेवटी काय म्हणाले? तो छताकडे बघत होता. मान वळवायला मनाई होती. त्याने सांगितलं. मामी हसली. खरोखर हसली, तोंडाला पदर लावून. "आयुष्यभर हेच," ती म्हणाली. "कुठल्या कार्याला वेळेवर आला नाही माणूस. मी आपली नटूनथटून दारात उभी, आणि हा म्हणतो, तू हो पुढे." मग ती पलंगाच्या कडेला डोकं टेकून रडली, आणि त्याला मान वळवता येत नव्हती.

तेव्हापासून दारं उघडी राहायला लागली. आपण कुठल्याही खोलीत शिरलो की मागे दार लोटलेलं राहतं, कडी लागत नाही, हे त्याला अण्णांनी सांगेपर्यंत माहीत नव्हतं. कुणीतरी मागून येणार आहे अशा बेताने तो चालायचा. जिन्यात भिंतीकडून. फुटपाथवर बाजूला अंगभर जागा सोडून. रिक्षात कडेला. अण्णा काही न बोलता मागाहून जाऊन कड्या लावत, गॅस बंद केलाय का बघावा तसं. एकदा फक्त म्हणाले, "अरे, डास येतात." भूतबित काही नव्हतं. भूत असतं तर बरं झालं असतं, ते आलं तरी असतं. हे न येणं होतं, आणि ते रोज येत होतं.

आणि आज दुपारपर्यंत स्क्वाड्रनच्या साहेबांना उत्तर द्यायचं होतं. साहेबांचा फोन येणार होता. डॉक्टरांनी हो आणि नाही यांच्या मधलं काहीतरी लिहून दिलं होतं: उडू शकतो, पण पुन्हा एकदा सीट उडाली तर तो पुढे चालेलच याची खात्री नाही. साहेब म्हणाले होते, टेबलावरचं काम आहे, चांगलं आहे, कुणी नावं ठेवणार नाही. नाहीतर मागची सीट आहे. तुझं तू ठरव. सगळ्यांना वाटत होतं तो पाठीला घाबरतोय. अण्णांनासुद्धा. पाठीची त्याला पर्वा नव्हती. त्याला भीती होती ती ज्याची, ते आताच या फरशीवर घडलं होतं. दणका बसला आणि तो बाहेर होता. एकटा. मागे कोण आहे, हातात काय आहे, वय काय आहे, काही बघितलं नाही. इथे कसला खटका नव्हता, की कुणी काही फर्मावलं नव्हतं. साहेबांना द्यायचं उत्तर त्याच्या पायांनी परस्पर देऊन टाकलं होतं.

लिफ्टवाला आला तो धापा टाकत आणि चिडलेला. पाच मजले चढून आल्याचा सगळा राग त्याने हत्यारांच्या पिशवीवर काढला; ती आपटली. "आत कोण?"

"वडील."

"आणि तुम्ही?"

"मी... बाहेर पडलो. खचली तेव्हा."

लिफ्टवाल्याने त्याला नखशिखांत न्याहाळलं. "अहो साहेब, शिकले-सवरलेले दिसता. खचणाऱ्या लिफ्टमधून उडी मारतात का? अर्धे बाहेर असताना ती खाली आली असती तर कमरेतून दोन तुकडे. आत राहणारा वाचतो. बाहेर पडणारेच मरतात, मी उचललेत हाताने."

"मग नशीबच म्हणायचं," तो म्हणाला.

"नशीब कसलं," लिफ्टवाला म्हणाला, "ब्रेक झिजलाय. सोसायटीला कधीपासून सांगतोय. दुधाने तोंड पोळल्याशिवाय कुणी ताक फुंकत नाही." आणि तो वर गच्चीवरच्या खोलीत चाक हाताने फिरवायला निघून गेला.

आतून अण्णांनी सगळं ऐकलं होतं. वर कुठेतरी लोखंडावर लोखंड घासल्याचा आवाज यायला लागला.

"त्या बाबाकडे लक्ष देऊ नकोस," अण्णा म्हणाले.

"खरं तेच बोलला तो."

"काय खरं? तू कुठे उडी मारलीस? मीच ढकललं तुला."

तो उठून गुडघ्यांवर आला. काचेतून टकलाचा गोल अगदी थोडा वर आलेला दिसत होता. "काय?"

"ढकललं म्हणतोय. खचली तसा मी ढकलला तुला मागून. दणकन. तुला कळलंसुद्धा नाही. ड्रायव्हरचं काम आहे ते. आधी पॅसेंजर बाहेर."

त्याने डोळे मिटले. आणि खरोखर, मणक्याच्या दोन्ही बाजूंना, जिथे रोज सकाळी दुखायचं तिथेच, त्याला एका तळहाताचा दाब जाणवला. रुंद, जाड, वर्षानुवर्षं मोठं स्टिअरिंग फिरवून घट्टे पडलेला तळहात. होता. असणारच. नाहीतर गुडघे टेकून कशाला पडला असता? आपण होऊन उडी मारणारा माणूस पायांवर येतो. त्याच्या जिवात जीव आला. इतक्या महिन्यांत नव्हता आला तेवढा. छातीतलं काहीतरी सैल झालं आणि त्या सैल झालेल्या जागेत मामाही आला: मामानेही ढकललंच होतं, हाताने नाही तर वाक्याने. आपल्याला ढकलण्यात आलं. आपण गेलो नाही. तो तसाच काचेला कपाळ लावून राहिला, आणि वर चाक फिरत राहिलं, आणि अण्णांचं डोकं, मग कपाळ, मग चष्मा काचेत वर येत गेला. चष्म्यामागचे डोळे त्याच्याकडे बघत होते. चेहरा. समोरून.

लिफ्ट फरशीला लागली. लिफ्टवाल्याने वरून ओरडून सांगितलं तसं त्याने दार उघडलं, जाळी सरकवली. अण्णा घामाने निथळत उभे होते. पंखा पोटाशी तसाच, दोन्ही हातांच्या कवेत, आणि पंख्याच्या जाळीच्या तारांचे वळ त्यांच्या हातांवर कोपरापर्यंत उठले होते.

"अहो, ठेवायचा ना खाली! इतका वेळ धरून काय उभे राहिलात?"

"खाली ठेवला असता तर परत उचलायला तू धावला असतास," अण्णा म्हणाले. "तुझी पाठ. म्हटलं, हातातून सोडायचाच नाही. तो दणका बसला तेव्हासुद्धा बघ, असा घट्ट धरला की," आणि ते थांबले.

दोघेही पंख्याकडे बघत होते. अण्णांच्या उजव्या हाताची बोटं डाव्या मनगटावर घट्ट बसलेली होती, आवळून पांढरी पडलेली. ती सोडवायला त्याला एकेक बोट उलगडावं लागलं. अण्णांनी मान वळवली आणि लिफ्टमधल्या सूचनेच्या पाटीकडे बघायला सुरुवात केली, जणू ती पहिल्यांदाच दिसत होती. कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या. आयुष्यात त्यांना थाप मारता आली नाही. डेपोत उशीर झाला तरी आईसमोर त्यांच्या कानाच्या पाळ्याच चहाडी करत. तळहाताचा दाब त्याच्या पाठीवरून गेला. नुसतं दुखणं राहिलं, त्याचं स्वतःचं. कुणीही ढकललं नव्हतं. त्याला वाटलं, आता आपण मोडून पडू. तो वाट बघत राहिला, आणि मोडला नाही. बापाने त्याच्यासाठी हातातला पंखा सोडला नव्हता, आणि त्याच्याचसाठी नंतर खोटंही बोलला होता. एकाच माणसाच्या या दोन गोष्टी त्याच्यासमोर उभ्या होत्या आणि दोन्हींनी त्याचे डोळे भरून आले. कुठल्या हाताने ढकललंत, हे त्याने विचारलं नाही.

लिफ्टवाला खाली आला, वंगणाचे हात पुसत. ब्रेक आवळलाय, आता एकदा खालपर्यंत चालवून बघतो, म्हणाला. "आजोबा, तुम्ही जिन्याने जा."

"पाच मजले? माझे गुडघे तुझ्या ब्रेकपेक्षा झिजलेत. मी येतो तुझ्याबरोबर," अण्णा म्हणाले. मग त्याच्याकडे न बघता, "तू जिन्याने हो पुढे. मी आलोच."

"नाही," तो म्हणाला.

तो आत शिरला. बाहेरचं दार त्याने स्वतः लावलं, जाळी ओढली, कडी बसल्याचा आवाज ऐकला. मागे कुणासाठी जागा ठेवली नाही. मग हात वर करून त्याने अण्णांच्या शर्टाची कॉलर मागून मुठीत धरली.

"हे काय? चोर पकडल्यासारखा?"

"असू दे."

लिफ्टवाल्याने बटण दाबलं. पहिला हिसका बसला, जरा मोठाच. त्याचे पाय निघाले. पोटऱ्या ताठ झाल्या, टाचा सुटल्या, सगळं शरीर जाळीकडे गेलं, तेच, तसंच, जसं ते नेहमी जाणार होतं. पायांना कुणी काही शिकवू शकत नाही. पण मूठ उघडली नाही. कॉलर ताणली, एक बटण तुटून फरशीवर टणटणत गेलं, आणि पंखा, अण्णा आणि तो असे तिघे मिळून जाळीवर आदळले. "गळा आवळशील!" अण्णा ओरडले. लिफ्ट एकेक मजला मोजत खाली जात राहिली. लिफ्टवाला या दोघांकडे बघायचं टाळत भिंतीला कान लावून ब्रेकचा आवाज ऐकत होता.

तळमजल्यावर त्याने जाळी उघडून धरली. "आधी तुम्ही." अण्णा बाहेर पडले, मग तो. फोन तेवढ्यात वाजला.

"हं," साहेब म्हणाले. "काय ठरलं? टेबल?"

"मागची सीट, साहेब."

"नक्की? पाठीचं लक्षात आहे ना?"

"आहे. एकच सांगायचंय. खटका दोघांवर राहील. पुढे कोणीही बसो, कितीही जुना असो."

साहेब स्वतः पायलट होते. "पायलट लोक कुरकुर करतील रे."

"करू देत," तो म्हणाला. "खाली येऊन करतील."

साहेबांनी फोन ठेवला की नाही, हे त्याला नीट कळलं नाही. बाहेर कडक ऊन होतं. अण्णा फाटकापाशी जाऊन थांबले होते, एक बटण तुटलेला शर्ट, पोटाशी पंखा, आणि वळून त्याच्याकडे बघत होते. "येतोस ना रे?" त्यांनी हाक मारली. तेच वाक्य त्याच्या ओठांवर आलं, कुणाच्याही यावं तसं. त्याने ते गिळलं.

"थांबा," तो म्हणाला, आणि अण्णा थांबले.